पाटीचे पैसे

माझं अक्षर किरटं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घाचं मला कधी कळलं नाही. चौथीत शाळा सुटली तेव्हा जेवढं येत होतं तेवढंच आज येतं. हे कागद कुणाच्या हाती लागलेच, तर त्याने चुकांकडे बघू नये, समजून घ्यावं. दाखवायला म्हणून मी हे लिहीत नाही. चार माणसांत बोलायची वेळ आली की माझा घसा कोरडा पडतो, कागदापुढे तसं होत नाही, एवढंच कारण. दिवाळीच्या अंकांत लोक आपापल्या नोकरीच्या आठवणी लिहितात. कुणी तहसीलदार असतं, कुणी नर्स असते. माझंही काम होतं, आणि तसं काम आता कुणी करत नाही.

परळीत स्टेशनजवळ, खताच्या दुकानाच्या वर एक कॉम्प्युटर क्लास होता. तिथे मी झाडलोटीला लागले. पुसण्याचं काम झाडण्यापेक्षा जास्त होतं. परळीच्या माणसाला राखेबद्दल सांगावं लागत नाही, बाहेरच्यांसाठी सांगते. थर्मलची, म्हणजे वीजकेंद्राची, राख वाऱ्यावर येते आणि वाळत घातलेल्या कपड्यांवर, पापडांवर, तापवून ठेवलेल्या दुधावर बसते. माणसं ती सवयीने गिळतात. माझे मालक, म्हणजे घरधनी, राखेच्या गाड्या भरायच्या कामावर होते. त्यांनी बरीच वर्षं गिळली, मग खोकत खोकत गेले. यंत्रं मात्र गिळत नाहीत, लगेच बंद पडतात. म्हणून दर सकाळी सगळ्या यंत्रांवरच्या चादरी अलगद उचलून बाहेर झटकायच्या, ओल्या फडक्याने टेबलं पुसायची आणि मगच बटण दाबायचं, हे माझं पहिलं काम.

क्लास भालेराव सरांचा. सर उंच, वाकलेले, आणि माझ्याइतकेच अबोल. आम्ही दोघं एका खोलीत दिवसभर असायचो आणि चहाच्या वेळेलाच काय ते बोलायचो. पोरं गेली की सर मागच्या यंत्रावर स्वतःचं काहीतरी लिहीत बसायचे. ते त्यांनी कितीतरी वर्षं लिहिलं. त्याचं नाव पाटी.

पाटी म्हणजे काय ते मला समजलं तसं सांगते. कॉम्प्युटरला काम सांगायचं तर ते त्याला कळेल अशा बोलीत सांगावं लागतं. त्या बोली इंग्रजीत असतात, खुणांनी भरलेल्या असतात, आणि खेड्यातनं आलेली पोरं पहिल्या आठवड्यातच घाबरून यायची बंद होतात. सरांनी नवशिक्यांसाठी एक लहानशी बोली केली. तिच्यात मोजकेच शब्द होते. लिही. विचार. ठेव. जर. नाहीतर. परत. थांब. असे आणखी थोडे. पोरांनी या शब्दांत चार ओळी लिहायच्या आणि पाटीने त्या यंत्राच्या भाषेत फिरवून द्यायच्या. या फिरवून देणाऱ्याला कंपायलर म्हणतात.

मी एकदा धीर करून सरांना विचारलं, "सर, फिरवून देतं म्हणजे नेमकं काय करतं?"

सर म्हणाले, "तुम्ही ऊसतोडीला कर्नाटकात जायचा ना लहानपणी? तिथली भाषा कशी कळायची?"

आमची शाळा त्या ऊसतोडीतच सुटली होती. मी सांगितलं, की कारखान्याचा माणूस कानडी बोलायचा. एक मुकादम होता, तो शेजारी उभा राहून एकेक वाक्य फोडून सांगायचा. तो बिडी प्यायला गेला की सगळी टोळी कोयते धरून उभी. पुढच्या साली दुसरा मुकादम आला. तो सकाळीच सगळं ऐकून घ्यायचा, काही कळलं नाही तर तिथेच परत विचारायचा, मग आम्हाला एकदाच नीट समजावून निघून जायचा. दिवसभर काम आपलं आपण चालायचं.

"तो दुसरा मुकादम म्हणजे कंपायलर," सर म्हणाले, आणि खुशीत हसले. सर फार कमी वेळा हसायचे, म्हणून लक्षात राहिलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला यंत्रापुढे बसवलं. "शांताबाई, हे लिहून बघा."

"मला नाही येत सर."

"वाचता येतं ना? मग येतं."

मी एकेक अक्षर शोधत नाव विचारण्याची ओळ लिहिली. बटण दाबल्यावर पडद्यावर आलं, "आपलं नाव काय?" मीच लिहिलेला प्रश्न, आणि मीच पदर ओढून घेतला. तेव्हापासून सर प्रत्येक बदल आधी माझ्यावर करून बघायचे. लिहिण्यात काही चुकलं तर पाटी कधी "चूक" म्हणायची नाही. "तिसऱ्या ओळीत काय म्हणायचं आहे ते कळलं नाही, परत सांगा," असं म्हणायची. हे सरांनी मुद्दाम केलं होतं. चूक हा शब्द पोरांनी शाळेत पुष्कळ ऐकलेला असतो, असं त्यांचं म्हणणं.

सरांचे एक इंजिनियर मित्र पुण्याहून आले की म्हणायचे, "भाल्या, यात चित्रं घाल, आवाज घाल. एवढ्याशा गोष्टीला कोण विचारतं?"

सर म्हणायचे, "एक शब्द वाढवला की एक पोर मागे राहतं." पाटी शेवटपर्यंत तेवढीच राहिली. पूर्वीच्या चपट्या फ्लॉपीत ती मावायची आणि जागा उरायची. याचा सरांना मोठा अभिमान होता, आणि का कोण जाणे, मलाही.

पाटी विकायची नव्हती, वाटायची होती. ज्याला पाहिजे त्याने घ्यावी, उतरवून दुसऱ्याला द्यावी. वापरून बघावी, आणि आवडली, उपयोगी पडली, तर पन्नास रुपये पाठवावेत. याला शेअरवेअर म्हणतात. पैसे येईपर्यंत पाटीवर केलेला कुठलाही प्रोग्रॅम सुरू झाला की पहिली ओळ यायची, "याचे पैसे अजून भरलेले नाहीत." पैसे आले की आम्ही एक आकडा द्यायचा, तो टाकला की ती ओळ जायची. बाकी काही अडायचं नाही. कुणी जन्मभर पैसे दिले नाहीत तरी पाटी चालायची.

खालचे खतवाले मला म्हणाले होते, "आन न्हाईच दिले तर?"

"तर नाही," मी म्हटलं.

"मंग कोन देतंय वं! येडे हायेत तुमचे सर."

सगळ्यांनी दिले नाहीत हे खरं, पण ज्यांनी दिले त्यांत आम्हाला वाटले नव्हते असे लोक होते.

त्या पहिल्या ओळीने एकदा घोटाळा केला. गावातले एक पुढारी होते, सगळे त्यांना अण्णा म्हणायचे. त्यांचा मुलगा आमच्या क्लासला होता. अण्णांच्या वाढदिवसाला त्याने पाटीवर शुभेच्छांचा प्रोग्रॅम केला आणि कार्यालयासमोरच्या मंडपात, हारतुरे घेऊन आलेल्या दोनतीनशे माणसांसमोर, मोठ्या पडद्यावर लावला. आधी अण्णांचं नाव येण्याऐवजी ठळक अक्षरांत आलं, "याचे पैसे अजून भरलेले नाहीत." मंडप चिडीचूप. मागच्या रांगेत मंडपवाला बसला होता, तो म्हणे उठून उभाच राहिला. त्याला वाटलं आपलंच जाहीर केलं.

दुपारी अण्णा स्वतः जिना चढून आले. मागे चार पोरं.

"कोन बे तो मास्तर? चारचौघांत माझी अब्रू काढली!"

सर उभे राहिले. मी हातातला कप खाली ठेवला. सर बोलणार नाहीत हे दिसत होतं, म्हणून मीच म्हटलं, "अण्णा, पन्नास रुपये राहिलेत. भरले की ती ओळ येत न्हाई."

अण्णा माझ्याकडे बघतच राहिले. "पन्नास? पन्नास रुपयासाठी?" मग पोरांकडे वळून गरजले, "हसताय काय बे! काढा पन्नास रुपये." कुणाच्या खिशात सुटे नव्हते. अण्णांनी पाचशेची नोट टाकली आणि म्हणाले, ठेवा सगळे. सरांनी खतवाल्याकडून सुटे आणून साडेचारशे परत केले आणि पावती लिहिली. अण्णा जाताना मला म्हणाले, "बाई, तुमी हाय म्हणून. न्हाईतर या मास्तराचं काय खरं न्हाई."

त्यानंतर फोन घेण्याचं काम माझ्याकडे आलं. सर म्हणाले, "तुम्ही बोलता तसं मला जमत नाही." मला तर अजिबात जमत नव्हतं. पहिले काही महिने फोन वाजला की मी आधी पाणी प्यायची. पण पाटीत सरांनी क्लासचाच नंबर दिला होता, आणि जिल्हाभरातून, पुढे बाहेरूनही फोन यायचे. हळूहळू लोक मला आवाजावरून ओळखायला लागले. "मावशी हायत का?" असंच विचारायचे. सरांचं नाव कुणाला माहीत नसायचं.

नारायणगडाच्या जत्रेत आम्ही एकदा टेबल मांडून पाटीच्या सीड्या वाटल्या. त्या मी राखेपासून जपायला स्टीलच्या डब्यात, पापडांसारख्या रचून न्यायची. महिन्याभराने एका म्हाताऱ्या माळकऱ्यांचा फोन आला.

"माउली, तुमच्या तबकडीतून आवाजच येईना. अभंग कुठं हायेत?"

मी सांगितलं, बाबा, त्यात अभंग नाहीत, पोरांना शिकायचं आहे. ते म्हणाले, "आमी रोज लावून हात जोडून बसत व्हतो की." पुढे त्यांच्या नातवाने ती शाळेत नेली, आणि बाबांनी पन्नास रुपयांची मनीऑर्डर केली. खाली लिहिलं होतं, अभंगही घाला. सरांनी तो कागद भिंतीला चिकटवला होता.

ते दिवस चांगले होते. पुढचं लिहायला हात लवकर उचलत नाही.

शाळांमध्ये नवे कॉम्प्युटर आले आणि पाटी त्यांच्यावर उघडेना. इंग्रजीत एक ओळ यायची आणि सगळं बंद. सरांनी समजावलं की पाटी जुन्या यंत्रांच्या हाडापेरावर बेतलेली आहे, नव्या यंत्रांचा सांगाडा वेगळा आहे, म्हणून ती मुळापासून परत लिहायला हवी. फोनवर सगळ्यांचं एकच. मावशी, पाटी उघडत न्हाई. मावशी, पोरांचं केलेलं सगळं अडकून बसलंय.

सरांनी ठरवलं, नवी पाटी लिहायची. त्यासाठी शिकवणीचे वर्ग बंद करून पूर्ण वेळ बसायचं. पण वर्ग बंद तर भाडं कुठून भरायचं? म्हणून ज्यांनी आधी पैसे भरले होते त्यांनाच कळवलं, की नवी पाटी हवी असेल तर दोनशे रुपये आधी द्या, तयार झाली की पहिली तुम्हाला. आजवर आमचा धंदा आधी वापरा, मग द्या असा चालला होता. हे पहिल्यांदाच उलटं झालं. लोकांनी मला विचारलं, "मावशी, नक्की येनार ना?" मी म्हणाले, "येणार. सर करतायत." आणि त्यांनी पैसे दिले. शाळांनी दिले, पालकांनी दिले. अण्णांनी मुलगा पुण्याला गेला असूनही दिले.

सरांनी त्या पैशांतून एक कपही जास्तीचा चहा घेतला नाही, हे मी इथे लिहून ठेवते. जागेचं भाडं, वीज, आणि घरात दळण. ते रोज लिहायचे. पण लिहिता लिहिता त्यांचा हात थांबायला लागला. चेहऱ्यावर सूज दिसायची. मालतीताई, म्हणजे सरांच्या पत्नी, त्यांना ओढून लातूरला घेऊन गेल्या. मूत्रपिंडं निकामी होत आली होती. मग उरलेले पैसे तिकडे गेले, आणि ताईंच्या पाटल्याही.

मी लातूरला भेटायला गेले. सरांनी विचारलं, "लोकांचे फोन येतात?"

"येतात."

"काय सांगता?"

"येतंय म्हणून सांगते."

सर छताकडे बघत राहिले. "तसं नका सांगू."

"मग काय सांगू सर?"

ते म्हणाले, "राहू द्या. मी बरा झालो की मीच बोलेन सगळ्यांशी." सर, आणि फोनवर बोलणार! मला हसू आलं, त्यांनाही आलं. ते आमचं शेवटचं बोलणं.

सर गेले. क्लासची जागा सोडावी लागली. यंत्रं कुणी घेतली ते मी बघायला गेले नाही. फोनचा नंबर मात्र ताईंनी माझ्या मोबाईलवर करून दिला, कारण लोकांना कळवायला तर हवं होतं. मी एकेकाला सांगत गेले. सर गेले म्हटल्यावर लोक हळहळायचे, आणि मग थोडं थांबून, दबकत विचारायचे, "मंग नव्या पाटीचं कसं हाय मावशी?" कुणी पैसे परत मागितले नाहीत. मागितले असते तर सोपं गेलं असतं.

सरांचं अर्धं लिहिलेलं काम ताईंनी एका पेनड्राइव्हवर ठेवलं होतं. ते घेऊन मी अंबाजोगाईच्या एका कॉलेजात गेले. दारातून दोनदा परत फिरले, तिसऱ्यांदा आत गेले. तिथल्या पोरांना म्हटलं, हे पुरं करून द्याल का, मी थोडेफार पैसे देईन. पोरं चांगली होती. त्यांनी मला खुर्ची दिली, चहा दिला, उघडून बघितलं.

एक म्हणाला, "मावशी, हे कशाला? आता मोबाईलवर सगळं फुकट मिळतं."

"मराठीत मिळतं का?"

"मराठीत नाही. पण आता कोण मराठीत करतंय?"

दुसरा काही न बोलता खालपर्यंत वाचत होता. तो म्हणाला, "लई सुंदर लिहिलंय हो. किती कमी जागेत. पण नेमका मधला भाग नाहीये. जिथे यंत्राच्या भाषेत जातं तो. तो त्यांच्या डोक्यातच राहिला असणार." मग त्याने पेनड्राइव्ह अलगद काढून माझ्या हातात दिला. "आमच्याच्यानं नाही व्हायचं मावशी."

बस स्टँडवर बसले असताना मला पहिल्यांदा नीट कळलं, की नवी पाटी येणार नाही. मग लोकांचे पैसे परत करायला हवे होते.

ताईंना हे सांगितलं तेव्हा त्या चिडल्या. "शांताबाई, तुमचा काय संबंध? फेडायचं तर मी फेडीन. आणि लोक मागत तरी आहेत का?"

"लोकांनी पैसे माझ्या सांगण्यावर दिले ताई. सरांना कोण ओळखत होतं?"

"पोळ्या लाटून फेडणार का तुम्ही?"

मी तेव्हा थर्मलच्या कॉलनीत दोन घरचा स्वयंपाक धरला होता. म्हटलं, "लाटून तर लाटून."

ताई आत गेल्या, बराच वेळ बाहेर आल्या नाहीत. आल्या त्या डोळे पुसून. म्हणाल्या, "निम्मे माझे." त्या दिवसापासून त्यांच्या शिकवण्यांमधून दर महिन्याला काहीतरी यायचं. आलं नाही असा महिना गेला नाही.

पैसे परत करणं हे पैसे घेण्यापेक्षा अवघड काम आहे, हे मला माहीत नव्हतं. कुणी म्हणायचं, राहू द्या मावशी, सरांच्या नावाने सोडून दिले. मी म्हणायची, मग तुम्ही घ्या आणि सोडा, माझ्याकडे ठेवून नका सोडू. एक मुख्याध्यापक म्हणाले, "बाई, शाळेला आलेले पैसे कुठल्या खात्यावर दाखवू? परतावा असा रकानाच नाही." मी दुपारभर व्हरांड्यात बसून राहिले. शाळा सुटताना ते बाहेर आले, मला बघून कपाळाला हात लावला, आणि शिपायाला पाठवून त्या पैशांचा पृथ्वीचा गोल आणवला. मला तो फिरवून बघायला लावला.

अण्णा निवडणूक हरले होते. मोठ्या बैठकीत एकटेच बसले होते, समोर टीव्ही चालू, आवाज बंद. दोनशे रुपये समोर ठेवले तर म्हणाले, "हे कावून? कशाचे पैसे?"

मी सांगितलं. त्यांनी नोटा उचलल्या, उलट्यासुलट्या करून बघितल्या. "बाई, जन्मभर या बैठकीत मानसं मागायला आली. द्यायला आलेलं पयलंच मानूस बघतोय." मग हाक मारून चहा सांगितला. चहा आणायला त्यांना स्वतःलाच आत जावं लागलं.

असं एकेक करत वर्षं गेली. शेवटी एकच नाव राहिलं, सिदूबा, धर्मापुरीच्या जवळचे. मेंढपाळ माणूस. पोरगी रेणुका शाळेत पाटी शिकली होती, आणि नव्या पाटीसाठी सिदूबांनी कोकरू विकून पैसे भरले होते. ते तिच्या शाळेतल्या गुरुजींनी मला फोनवर सांगितलं होतं, म्हणून हे नाव मी शेवटी ठेवलं नव्हतं, उलट आधीच गेले होते. पण घराला कुलूप. शेजारी म्हणाले, मेंढरं घेऊन गंगाथडीला, म्हणजे गोदावरीकाठी, गेलेत. दुसऱ्यांदा गेले तर आदल्याच दिवशी निघालेले. मेंढपाळाला मनीऑर्डर पोहोचत नाही, आणि फोन रानात लागत नाही.

मागच्या उन्हाळ्यात कुणीतरी सांगितलं, सिदूबांचा वाडा, म्हणजे मेंढरांचा तळ, अलीकडच्याच एका शिवारात बसलाय. मी सकाळच्या बसने गेले. ऊस निघून गेलेल्या मोकळ्या रानात मेंढरं बसवलेली, बाजूला जाळी, एक घोडं, आणि तीन दगडांवर चूल. चुलीपाशी एक पंचविशीतली बाई भाकरी थापत होती, पाठीशी लेकरू झोपलेलं.

सिदूबा काठी टेकत आले. मी कोण ते सांगितलं आणि दोनशे रुपये पुढे केले. त्यांनी हात पुढे केला नाही.

"हे कशाचं?"

"पाटीचे, दादा. तुम्ही भरले होते."

"मला परत न्हाई पायजे. आमी थांबलोय की. पोरीला म्या सांगितलंय, येतंय म्हनून."

चुलीपाशी बसलेली बाई वळून बघायला लागली. "तुमी फोनवरच्या मावशी का?" म्हणाली. "म्या गुरुजीच्या फोनवरनं बोललेली तुमच्याशी. कोनती मेंढी कवा विनार, कोकरू कवा येनार ते सांगायचं केलं व्हतं म्या पाटीवर. पयली ओळ आली ना, तवा बापानं पन्नास रुपये भरले."

"मेंढी कवा विनार ते मला यंत्र कावून सांगतंय, असं म्हणलो व्हतो म्या," सिदूबा म्हणाले. "पर बरोबर सांगायचं बरं का. एकदा सोडलं तर."

"ते एकदा तुमीच तारीख चुकीची सांगितली व्हती."

"बरं बाई, माजीच चूक." मग माझ्याकडे वळले. "तिला शाळेतल्या नव्या मशिनीवर ते उघडंना झालं. रडली लई. म्हनून कोकरू दिलं. आता तिचं लेकरू मोठं व्हईल, त्याला शिकवील म्हनत्ये."

मी नोटा धरूनच उभी होते. ऊन चढलं होतं आणि बोलायला घसा कोरडा पडला होता. एवढी वर्षं मी सगळ्यांना सर गेल्याचं सांगितलं होतं, पैसे परत केले होते, पण नवी पाटी येणार नाही हे वाक्य कुणालाच असं उघड म्हटलं नव्हतं. लोक आपलं आपणच समजून घ्यायचे.

सिदूबांनी माझ्या तोंडाकडे बघितलं. "पैसे परत देताय म्हंजी ते आता येनार न्हाई म्हना."

"नाही येणार दादा. ते करणारे सर गेले. मी दुसरीकडेही विचारलं. कुणाला जमत नाही."

"कुनालाच?"

"कुणालाच नाही."

रेणुका तव्यावरची भाकरी उलटायची विसरली. करपल्याचा वास आला तेव्हा तिने ती हातानेच काढली आणि बाजूला टाकली. बापाला म्हणाली, "घ्या ते. बाई उन्हाच्या आल्यात. कितींदा येतील?"

सिदूबांनी मुंडाशाचं टोक सोडलं. नोटा घेतल्या, घडी केली, त्या टोकात बांधल्या आणि मुंडासं परत गुंडाळलं. हे सगळं त्यांनी फार सावकाश केलं.

"झालं?" म्हणाले.

"झालं," मी म्हटलं. "तुमचे शेवटचे होते. आता कुणाचे राहिले नाहीत."

त्यांनी मला भाकरी खाऊन जा म्हटलं. मी बसले. तिघांनी भाकरी खाल्ली, वर मेंढीचं दूध. पाटीचा विषय कुणी काढला नाही. निघाले तेव्हा रेणुका रस्त्यापर्यंत सोडायला आली. बस आल्यावर मी चढले आणि तिकीट काढताना कंडक्टरने विचारलं, "कुठून आलात मावशी?" मी सांगितलं, लोकांचे पैसे द्यायचे होते, ते देऊन आले.